सुधारणेला आधार कशाचा?

विधवेचे केशवपन, बालविवाह, पुनर्विवाहाची बंदी आणि अस्पृश्यता या चालींवर महाराष्ट्रात सुमारे 100 वर्षे वाद चालला. त्या वादाला दोन थर होते. वरचा थर त्या त्या चालीचा: ती ठेवायची की मोडायची? खालचा थर अधिक अवघड होता: चाल वाईट आहे हे ठरवायचे कशावरून? श्रुतिस्मृतींवरून, ईश्वराने दिलेल्या सदसद्विवेकावरून, लोकांच्या सुखदुःखावरून, की माणूस म्हणून जन्माला आल्याच्या हक्कावरून? नीतीला आणि राज्यव्यवहाराला अखेरचा काही पाया लागतो का, हा तत्त्वज्ञानातला जुना प्रश्न आहे. महाराष्ट्रात तो ग्रंथांत नंतर आला. आधी तो लग्नाच्या मांडवात, न्हाव्याच्या धोपटीपाशी आणि पाणवठ्यावर उभा राहिला.

पेशवाईत या प्रश्नाचे उत्तर निदान वरिष्ठ जातींपुरते ठरलेले होते. पैठण, कऱ्हाड, वाई अशा क्षेत्रांतले शास्त्री निर्णय देत आणि फारच अडले तर काशीला विचारणा होई. हाताशी ग्रंथ असत ते मिताक्षरा, कमलाकरभट्टांचा 1612 सालचा निर्णयसिंधु आणि अठराव्या शतकाच्या अखेरीस पंढरपूरच्या काशीनाथ उपाध्यायांनी रचलेला धर्मसिंधु. हे ग्रंथ काय सांगतात, यावर चालीचे बरेवाईटपण ठरे. पण त्याही काळात मनाला टोचणी लागत नव्हती असे नाही. सरदार परशुरामभाऊ पटवर्धनांची मुलगी लहानपणीच विधवा झाली आणि तिचे पुन्हा लग्न लावता येईल का, असे त्यांनी शास्त्र्यांना विचारले, ही हकिगत पुढच्या सुधारकांनी आवर्जून जपली. तो विवाह झाला नाही. या हकिगतीत नेमके काय घडले ते नीट पाहण्यासारखे आहे. बापाला जे हवेसे वाटले ते शास्त्र वाचून वाटलेले नव्हते. ते वाटल्यावर तो शास्त्राकडे परवानगी मागायला गेला. पुढच्या शतकातल्या जवळजवळ प्रत्येक वादात हाच क्रम दिसतो.

शास्त्राचा हा अंमल सगळ्या समाजावर सारखा नव्हता, हेही लक्षात ठेवले पाहिजे. मराठे, कुणबी, माळी आणि इतर अनेक जातींत विधवेचा पाट लागत असे. कुठे त्याला मोहतूर म्हणत. पहिल्या लग्नाचा मान त्याला नसे, विधी बेताचा असे आणि तो बहुधा रात्री उरकला जाई, पण संतती औरस धरली जाई आणि जातपंचायत त्याला मान्यता देई. त्यासाठी कोणी पराशराचे वचन शोधले नाही. बहुसंख्य लोकांच्या घरात जे निमूटपणे चालत होते, त्याच्यासाठी मूठभर जातींना आधार हवा होता. प्रतिष्ठा मिळालेल्या कुटुंबांनी पाट बंद करावा अशी ओढही होतीच. म्हणजे शास्त्राचा आधार हा वरच्या पायरीचा दाखला म्हणूनही वापरला जात होता.

इंग्रजी अंमल आल्यावर मुंबई इलाख्याने एक वेगळी वाट धरली. एल्फिन्स्टनच्या काळात तयार झालेल्या 1827 च्या चौथ्या रेग्युलेशनच्या 26 व्या कलमात न्यायाधीशाने निकाल कशाच्या आधारे द्यावा याची उतरंड लावून दिली होती. आधी सरकारी कायदा. तो नसेल तर त्या प्रदेशाची रूढी. तीही नसेल तर प्रतिवादीचा धर्मशास्त्रीय कायदा. आणि काहीच सापडले नाही तर न्याय, समता आणि सदसद्विवेक. बंगालमध्ये शास्त्रवचनाला जे स्थान मिळाले ते इथे रूढीला मिळाले. त्याच वर्षी आर्थर स्टीलने पुण्यात जातींकडून त्यांच्या चालीरीतींची माहिती गोळा करून ग्रंथ छापला. न्यायालयांना अखेरचा पाया शोधायची गरज नव्हती. एक आधार तुटला तर दुसरा घ्यावा, एवढीच सोय होती, आणि त्या सोयीवर इलाख्याचा न्याय दीर्घकाळ चालला.

पहिल्या सुधारकांमध्ये लोकहितवादी गोपाळ हरी देशमुखांचा सूर सर्वांत मोकळा होता. 1848 ते 1850 या काळात मुंबईच्या 'प्रभाकर' पत्रात त्यांची शतपत्रे आली. जुने नियम त्या काळच्या माणसांनी त्या काळासाठी केले, ते आज घातक ठरत असतील तर विद्वानांनी एकत्र बसून नवे करावेत, असे त्यांचे सरळ म्हणणे होते. पण ते लेखणीपुरते राहिले. पुनर्विवाह प्रत्यक्ष लावायची वेळ आली तेव्हा पुढे आली ती बंगालमधून आलेली दुसरी पद्धत.

ईश्वरचंद्र विद्यासागरांनी 1855 मध्ये पराशरस्मृतीच्या आधारे विधवाविवाहाचे समर्थन केले आणि पुढच्या वर्षी तो विवाह कायदेशीर ठरवणारा कायदा झाला. त्यांच्या ग्रंथाचे मराठी रूप विष्णुशास्त्री पंडितांनी 1865 मध्ये प्रसिद्ध केले. विष्णुशास्त्री 'इंदुप्रकाश'चे मराठी संपादक आणि पुनर्विवाहोत्तेजक मंडळींचे प्राण होते. वाद कसा चाले याचा नमुना त्या एका वचनात मिळतो. नवरा बेपत्ता झाला, मेला, संन्यासी झाला, नपुंसक निघाला किंवा पतित झाला तर स्त्रीला दुसरा पती सांगितला आहे, असे पराशराचे म्हणणे; आणि पराशरस्मृती तर कलियुगासाठीच सांगितलेली. सुधारकांना वाटले, गड सर झाला. सनातनी शास्त्र्यांनी व्याकरण काढले. 'पती' या शब्दाचे सप्तमीचे नेहमीचे रूप 'पत्यौ' होते, इथे 'पतौ' आहे. तेव्हा आधीच्या शब्दाशी संधी होऊन गेलेला 'अ' परत आणून 'अपतौ' वाचावे. मग अर्थ बदलतो आणि वचन फक्त वाङ्निश्चय झालेल्या, अजून पती न झालेल्या वरापुरते उरते. शिवाय माधवाचार्यांचे भाष्य पुढे आले: हे वचन इतर युगांसाठी आहे. कलियुगात काय वर्ज्य ते सांगणारी कलिवर्ज्य प्रकरणे तर होतीच. एका लुप्त अकारावर हजारो मुलींचे आयुष्य तोलले जात होते. एवढी विद्वत्ता आणि एवढी असहाय्यता एका जागी क्वचितच पाहायला मिळते.

जून 1869 मध्ये मुंबईत पांडुरंग विनायक करमरकर आणि वेणूबाई यांचा पुनर्विवाह झाला. निमंत्रणपत्रिकेवर सह्या करणाऱ्यांत महादेव गोविंद रानडे होते. शंकराचार्यांकडून बहिष्कार पडला. पुढच्या वर्षी, 1870 मध्ये, पुण्यात शंकराचार्यांपुढे जाहीर वादसभा भरली. दोन्ही बाजूंचे पंच नेमले गेले, दिवसांमागून दिवस वचनांचा खल झाला आणि निर्णय सुधारकांच्या विरुद्ध गेला. रानड्यांनी त्याच सुमारास पुनर्विवाहाला वेदांचा आधार दाखवणारा निबंध लिहिला.

या पराभवातून एक गोष्ट उघड झाली. सभेत हरल्यावर सुधारकांपैकी कोणाचे मत बदलले नाही, आणि ते जिंकले असते तरी सनातन्यांचे बदलले नसते. ज्याला दोन्ही पक्ष अखेरचा पाया म्हणत होते, त्याने दोघांपैकी एकाचाही निश्चय घडवला नव्हता. उलट दिशेचा धडा 1873 मध्ये मिळाला. पहिली पत्नी वारल्यावर विधवेशी लग्न करण्याची रानड्यांची तयारी होती. वडिलांच्या आग्रहापुढे नमून त्यांनी अकरा वर्षांच्या कुमारिकेशी लग्न केले. वेदांचा आधार त्यांच्याकडे होता, युक्तिवाद पक्का होता, तरी पाऊल पडले नाही. पुढे रमाबाई रानड्यांना त्यांनी शिकवले, पुढे आणले. ते थोरच होते, पण आधार सापडणे आणि आचरण घडणे यांत किती अंतर असते हे त्या वर्षाने दाखवून दिले.

जोतीराव फुल्यांनी हा सगळा खटाटोप मुळातच नाकारला. ज्यांनी बंधने घातली त्यांच्याच ग्रंथांत मुक्तीची वचने शोधायची, ही त्यांना गुलामीची पुढची पायरी वाटली. 1847 च्या सुमारास त्यांनी थॉमस पेनचा मानवी हक्कांवरचा ग्रंथ वाचला होता. 1848 मध्ये पुण्यात मुलींची शाळा काढली. 1863 मध्ये बालहत्या प्रतिबंधक गृह उघडले. फसवल्या गेलेल्या विधवांनी गुपचूप येऊन बाळंत व्हावे, मूल हवे तर न्यावे, नको तर ठेवून जावे, अशी सोय तिथे होती. तिथे आलेल्या काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेचा मुलगा फुले दांपत्याने दत्तक घेतला. या गृहाला कोणत्याही वचनाचा आधार मागितला गेला नाही आणि दिलाही गेला नाही. मरणाऱ्या अर्भकांची आणि फासाच्या छायेत वावरणाऱ्या आयांची परिस्थिती हेच पुरेसे कारण होते. पण फुले पायाशिवाय राहिले, असे मात्र म्हणता येत नाही. पक्षाघातानंतर डाव्या हाताने लिहिलेले त्यांचे 'सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक' त्यांच्या मृत्यूनंतर 1891 मध्ये छापले गेले. त्यात निर्मिकाने सर्व स्त्रीपुरुषांना स्वतंत्र आणि सारख्या हक्कांचे निर्माण केले, या सिद्धान्तावर सगळी नीती उभी केलेली आहे. जुना आधार पाडायचा तर त्या जागी काहीतरी उभे केले पाहिजे, नाहीतर लोक पुन्हा जुन्याकडे वळतील, हे त्यांना पक्के कळत होते.

फुल्यांच्या सत्यशोधक परिवारातल्याच ताराबाई शिंदे यांनी 1882 मध्ये 'स्त्रीपुरुष तुलना' लिहिली. सुरतेकडच्या विजयालक्ष्मी या विधवेला बालहत्येबद्दल फाशीची शिक्षा झाली होती. ती पुढे कमी झाली, पण वर्तमानपत्रांतून स्त्रीजातीवर तोंडसुख घेणे थांबले नाही. बुलढाण्याच्या ताराबाईंनी त्याला उत्तर दिले. त्यांचा युक्तिवाद या सगळ्या वादात आगळा आहे. त्या पाया शोधत नाहीत, तुलना करतात. जो दुर्गुण स्त्रीच्या माथी मारता तो पुरुषात नाही का? बायको मेली तर नवऱ्याला लगेच दुसरी करता येते, मग नवरा मेल्यावर बायकोनेच का कोपऱ्यात बसावे? ज्या देवांच्या आणि ऋषींच्या गोष्टी सांगता त्यांची स्वतःची वागणूक काय होती? एकच माप दोघांना लावा, एवढीच मागणी. अशा मागणीला वेद मानणाऱ्याला, निर्मिक मानणाऱ्याला आणि काहीच न मानणाऱ्याला एकसारखे उत्तर द्यावे लागते. नीतीला अखेरचा आधार हवाच का, या प्रश्नावर मराठीत झालेल्या लेखनात हे छोटे पुस्तक अग्रभागी ठेवायला हवे, जरी त्याच्या काळाने त्याची फारशी दखल घेतली नाही.

1884 मध्ये बेहरामजी मलबारींनी बालविवाह आणि लादलेले वैधव्य यांवर टिपणे प्रसिद्ध केली आणि वाद कायद्याकडे वळला. पाठोपाठ रखमाबाईंचा खटला आला. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या रखमाबाई नवऱ्याकडे नांदायला गेल्या नव्हत्या. दादाजी भिकाजींनी दावा लावला. 1885 मध्ये न्यायमूर्ती पिन्हींनी तो फेटाळला, अपिलात निकाल फिरला, आणि 1887 मध्ये नांदायला जा नाहीतर सहा महिने तुरुंगात, असा हुकूम झाला. तुरुंगात जाईन, असे त्यांचे उत्तर होते. 1888 मध्ये पैसे देऊन तडजोड झाली. रखमाबाई विलायतेत जाऊन डॉक्टर झाल्या. सनातनी मंडळींनी हा निकाल हिंदू धर्माचा विजय मानला होता. पण बायकोला नांदायला भाग पाडणाऱ्या दाव्याचा उगम इंग्लंडच्या चर्चच्या न्यायालयांत होता. पाया म्हणून जे छातीठोकपणे पुढे केले जात होते ते कुठून आले होते, हे पाहायला त्या गदारोळात फार थोड्यांना सवड झाली.

1891 चा संमतिवयाचा कायदा हा या वादाचा कळस. कलकत्त्यात फुलमणी दासी ही कोवळी मुलगी नवऱ्याच्या संभोगाने मरण पावली होती. संमतीचे वय 10 वरून 12 करण्याचा ठराव आला आणि पुण्यात गर्भाधानाच्या वचनांची लढाई जुंपली. पहिल्या ऋतूनंतर गर्भाधान झालेच पाहिजे, नाहीतर भ्रूणहत्येचे पातक, असा एक पक्ष. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी गृह्यसूत्रे पुढे ठेवली: विवाहानंतर चौथ्या दिवशी चतुर्थीकर्म सांगितले आहे, म्हणजे जुन्या काळी वधू वयात आलेलीच असे. लोकमान्य टिळकांनी त्यांना 'केसरी' आणि 'मराठा' यांतून उत्तरे दिली. टिळकांची अडचण वयाची नव्हती. 1890 मध्ये त्यांनीच सुधारकांपुढे सूचना ठेवल्या होत्या की, मुलींची लग्ने सोळाच्या आत आणि मुलांची विसाच्या आत करू नयेत, चाळिशीनंतर पुरुषाने लग्न करू नये आणि केलेच तर विधवेशी करावे. आणि सुधारकांनी आधी स्वतः हे पाळावे. परक्या सरकारने आमच्या धर्मात हात घालू नये, हा त्यांचा मुद्दा. इथे पायाचा प्रश्न राजकीय होतो: कायद्याला अधिकार येतो तो चांगुलपणातून की लोकांच्या संमतीतून? टिळकांचा प्रश्न खरा होता. मात्र ज्या मुलींच्या जिवावर हा वाद चालला होता त्यांची संमती कोणीच विचारत नव्हते, हेही तितकेच खरे.

त्या वेळी गोपाळ गणेश आगरकर 'सुधारक' चालवत होते. 'केसरी'तून बाहेर पडल्यावर 1888 मध्ये त्यांनी हे पत्र काढले. मिल आणि स्पेन्सर त्यांनी पचवले होते. शास्त्राचा आधार शोधण्याच्या पद्धतीवर त्यांचा आक्षेप साधा आणि निरुत्तर करणारा होता: वचन मिळाले नाही तर सुधारणा सोडून देणार आहात का? सोडणार नसाल, तर वचन हे तुमचे कारण नाहीच. मग खरे कारण का सांगत नाही? आणि खरे कारण म्हणजे ही चाल माणसांना दुःख देते. समाजाचे हित आणि व्यक्तीचे स्वातंत्र्य यांवर विवेकाने विचार करावा, यापलीकडे आगरकरांनी पाया मागितला नाही. ईश्वराच्या अस्तित्वाबद्दल ते अज्ञेयवादी होते आणि त्यामुळे नीती डळमळते असे त्यांना वाटले नाही. दमा, गरिबी, स्वतःची जिवंतपणी निघालेली प्रेतयात्रा हे सगळे सोसून ते 1895 मध्ये, चाळिशीच्या आत, गेले. देवाशिवाय माणूस निष्ठेने जगू शकत नाही, या समजुतीला त्यांच्या आयुष्याने दिलेले उत्तर कोणत्याही निबंधापेक्षा ठाशीव आहे.

रानडे या सगळ्यांच्या मध्ये उभे होते. सामाजिक परिषदेच्या व्यासपीठावरून त्यांनी सुधारणेच्या चार वाटा सांगितल्या: परंपरेचा नवा अर्थ लावणे, सदसद्विवेकाला हाक देणे, कायद्याचे बंधन घालणे आणि परंपरेशी फारकत घेऊन बंड करणे. बंडाची वाट त्यांना मानवत नव्हती. प्रार्थनासमाजाचे ते आधारस्तंभ, ईश्वर हृदयात बोलतो हा त्यांचा ठाम विश्वास. तरीही भांडारकरांबरोबर ते वचने काढत, विवेकाच्या बाजूने आगरकरांशी सहमत होत आणि कायद्यासाठी सरकारकडे अर्ज करत. त्यांच्यावर धरसोडीचा आरोप झाला. पण बारकाईने पाहिले तर त्यांनी एक महत्त्वाचे सत्य हेरले होते: एकाच निष्कर्षाला वेगवेगळी माणसे वेगवेगळ्या वाटांनी येतात, आणि सगळ्यांना एका वाटेने आणण्याच्या हट्टात निष्कर्षच हातचा जातो.

धोंडो केशव कर्व्यांनी तर वाटांची चर्चाच मागे टाकली. 11 मार्च 1893 रोजी त्यांनी पंडिता रमाबाईंच्या शारदासदनात शिकणाऱ्या गोदूबाई या विधवेशी लग्न केले. मुरुडला त्यांच्या कुटुंबावर बहिष्कार पडला. 1896 मध्ये अनाथबालिकाश्रम निघाला आणि पुढे तो हिंगण्याला गेला. कर्व्यांनी लवकरच आश्रमाचे काम पुनर्विवाहाच्या प्रचारापासून वेगळे केले. विधवांना शिकवायला फार लोकांची हरकत नव्हती. कोणी दया म्हणून पैसे देई, कोणी धर्म म्हणून, कोणी देशसेवा म्हणून. वर्गणीच्या वहीत देणाऱ्याचे कारण लिहायची जागा नव्हती. शिकलेली विधवा शिक्षिका झाली, स्वतःच्या पायावर उभी राहिली, की केशवपनाची सक्ती तिच्यापुरती आपोआप लटकी पडे. फुल्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने 1890 च्या सुमारास मुंबईत न्हाव्यांनी विधवांच्या डोक्याला वस्तरा न लावण्याचे ठरवले, तेही याच जातीचे काम.

तरीही प्रश्न संपला नव्हता, आणि त्याला मराठीतले सर्वांत भारदस्त उत्तर टिळकांनीच दिले. मंडालेच्या तुरुंगात 1910-11 च्या हिवाळ्यात पेन्सिलीने लिहिलेले 'गीतारहस्य' 1915 मध्ये छापले गेले. नीतीचा निर्णय करण्याचे तीन मार्ग टिळक मांडतात. आधिभौतिक मार्ग सुखदुःखाच्या बाह्य परिणामांवर निर्णय करतो; बेंथॅम आणि मिल इथले. आधिदैविक मार्ग मनातल्या सदसद्विवेकदेवतेला विचारतो. आध्यात्मिक मार्ग म्हणतो की सर्वांभूती एकच आत्मा आहे, आणि ज्याची बुद्धी या जाणिवेने सम झाली त्याचे कर्म शुद्ध. पुष्कळांचे पुष्कळ सुख, हे माप अपुरे आहे, असे दाखवताना टिळक विचारतात की देणाऱ्याची बुद्धी शुद्ध नसली तर नुसत्या परिणामावरून दानाची किंमत कशी करणार? आणि पुष्कळांच्या सुखासाठी मी झटावेच का, याचे उत्तर सुखवादाला देता येत नाही. हा आक्षेप वजनदार आहे. आगरकरांकडे त्याचे पूर्ण उत्तर नव्हते. पण टिळकांच्या बाजूलाही एक भगदाड राहते. सर्वांभूती एक आत्मा, हे तत्त्व शतकानुशतके शिकवले जात असतानाच केशवपनही चालले आणि अस्पृश्यताही. पाया खोल असूनही त्यावरचे घर तसेच राहिले, याचा खुलासा 'गीतारहस्य' करत नाही.

वामन मल्हार जोशी हिंगण्याच्या संस्थेत शिकवत. 1919 मध्ये त्यांचा 'नीतिशास्त्रप्रवेश' आला. मराठीत हा विषय पद्धतशीर मांडणाऱ्या या ग्रंथात कोणत्याही एका पक्षाला शेवटचा शब्द देण्याची घाई नाही. सुखवादातले काय टिकते, कर्तव्यवादातले काय टिकते, हे तपासत ते पुढे जातात. ज्या संस्थेत देणगीदाराची कारणे विचारली जात नव्हती तिथेच हा समतोल पिकला, हा योगायोग वाटत नाही.

अस्पृश्यतेच्या प्रश्नाने मात्र समतोलाची कसोटी घेतली. 1930 नंतरच्या काळात वाईच्या प्राज्ञपाठशाळेचे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी येरवड्याच्या तुरुंगात गांधीजींना शास्त्रार्थात साहाय्य करत होते. अस्पृश्यतेला शास्त्रात खरा आधार नाही, हे दाखवायचे होते. पद्धत विष्णुशास्त्र्यांचीच, हेतूही तितकाच उदात्त. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ती वाट आधीच सोडली होती. 25 डिसेंबर 1927 रोजी महाडला मनुस्मृती जाळली गेली. तसा ठराव गंगाधर नीलकंठ सहस्रबुद्धे यांनी मांडला होता. त्याच परिषदेत आंबेडकरांनी 1789 च्या फ्रान्समधल्या राष्ट्रसभेची आठवण करून दिली आणि माणसाच्या जन्मसिद्ध हक्कांचा जाहीरनामा संमत झाला.

लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी लिहिलेले आणि न झालेले भाषण आंबेडकरांनी 1936 मध्ये स्वखर्चाने छापले. त्यातला युक्तिवाद 1870 च्या वादसभेला 66 वर्षांनी मिळालेले उत्तरच आहे. व्याकरण आणि तर्क लावून शास्त्राचा अर्थ काय निघतो याला महत्त्व नाही. लोकांनी तो काय घेतला आहे याला आहे. लोक जात पाळतात ते दुष्ट म्हणून नव्हे, धर्मनिष्ठ म्हणून. तेव्हा वचनाचा अर्थ बदलून भागणार नाही, वचनाचा अधिकारच काढून घेतला पाहिजे. जिथे अन्याय पायावरच उभा आहे तिथे पाया बाजूला ठेवून व्यवहार जमवता येत नाही. रानड्यांची आणि कर्व्यांची रीत जिथवर चालली तिथवर ती चालली याचे एक कारण असे की, ज्यांच्यासाठी ती होती त्या स्त्रिया समाजाच्या घरातल्या होत्या. ज्यांना पाणवठ्याजवळही येऊ दिले जात नव्हते, त्यांना एवढा दिलासा पुरणारा नव्हता. मग आंबेडकर पुढे जातात: नियमांचा धर्म नको, तत्त्वांचा हवा, आणि तत्त्वे कोणती, तर स्वातंत्र्य, समता, बंधुता.

याच तीन तत्त्वांना 1949 मध्ये भारताच्या संविधानाच्या उद्देशिकेत न्यायाच्या जोडीने जागा मिळाली, आणि पायाचा प्रश्न अक्षरशः मताला टाकला गेला. 17 ऑक्टोबर 1949 रोजी मध्यप्रांत-वऱ्हाडचे प्रतिनिधी ह. वि. कामत यांनी उद्देशिकेची सुरुवात ईश्वराच्या नावाने करावी, अशी दुरुस्ती सुचवली. ईश्वराला मतदानाला लावू नका, अशी विनवणी अनेकांनी केली. हृदयनाथ कुंझरूंसारख्या सदस्यांनी सांगितले की, प्रत्येकाला विचाराचे आणि श्रद्धेचे स्वातंत्र्य देणाऱ्या उद्देशिकेतच एक श्रद्धा सर्वांवर लादणे विसंगत होईल. कामतांनी मतविभागणी मागितली. बाजूने 41 आणि विरुद्ध 68 मते पडली. उद्देशिका लोकांच्या नावाने सुरू झाली. तिसऱ्या अनुसूचीत मात्र शपथेचे दोन्ही मार्ग राहिले. मंत्र्याने ईश्वराला स्मरून शपथ घ्यावी किंवा गांभीर्याने प्रतिज्ञा करावी. दोन्हींपुढे संविधानाशी निष्ठेची तीच वाक्ये येतात आणि दोघांवर तेच बंधन पडते.

संविधानाच्या मसुदा समितीचे अध्यक्ष असलेल्या आंबेडकरांना स्वतःला ही व्यवस्था राज्यापुरती पुरेशी वाटली, माणसाच्या आयुष्यापुरती नाही. 14 ऑक्टोबर 1956 रोजी नागपूरला त्यांनी बौद्ध धम्म स्वीकारला. त्यांचा 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' हा इंग्रजी ग्रंथ निधनानंतर 1957 मध्ये निघाला. धम्मात ईश्वराची जागा नीतीने घेतली आहे, असे ते तिथे मांडतात. माणसाने माणसावर प्रेम करण्याची जी गरज आहे तिच्यातून ही नीती येते, तिला ईश्वराची मंजुरी लागत नाही. पण तेवढ्यावर ते थांबत नाहीत. टोळीला आणि जातीलाही आपापली नीती असते, ती आतल्यांचे रक्षण करते आणि बाहेरच्यांना वाऱ्यावर सोडते. म्हणून नीती पवित्र मानली गेली पाहिजे आणि ती सर्वांना सारखी लागू झाली पाहिजे, असा त्यांचा आग्रह आहे.